गिरवलेली नदी

बुधवार

भेटायला येणाऱ्यांची रीघ आज थांबली. सकाळपासून एकही माणूस ‘फार मोठा माणूस गेला हो’ म्हणत जिना चढला नाही. तेव्हा आता बसून लिहायला हरकत नाही.

वही ह्यांची आहे. दुरुस्तीला आलेल्या घड्याळांची नोंद ठेवायला आणली होती, पण नोंद ठेवणं ह्यांच्या स्वभावात नाही, म्हणून कोरीच राहिली. मला लिहायची हौस आहे असंही नाही. पण घरात बोलायची सोय नाही. ह्यांच्या डोळ्याला दिवसभर ते भिंग. भिंग लावलेल्या माणसाला ‘मला भीती वाटते’ कसं सांगणार? लगेच विचारतील, नेमकी कुठे?

मामंजी, म्हणजे माझे सासरे, नकाशे काढायचे. नुसते नकाशे काढणारे पुष्कळ असतात. ते जमीन बघतात आणि कागदावर उतरवतात. मामंजी आधी कागदावर काढायचे आणि मग जमिनीला तसं व्हावं लागायचं. लोक त्यांना जादूगार म्हणत. ते स्वतःला नकाशेवाला म्हणत, आणि कुणी जादूगार म्हटलं की कडू औषध घेतल्यासारखं तोंड करत.

आमच्या घराखाली उतरणीला खालची आळी आहे. पूर्वी नदी तिथूनच वाहायची आणि काठाला कुंभारांची घरं होती. पाणी चढलं की घरं, भट्ट्या, वाळत घातलेली मडकी, सगळं धुऊन जायचं. चाळीसेक वर्षांपूर्वी मामंजींनी टाक उचलला आणि नदीची रेघ पलीकडच्या खडकाळ माळावरून काढली. नदी गेली. मामंजींचे केस एका दिवसात पांढरे झाले, असं ह्यांची बहीण, आमच्या वन्सं, सांगतात. जुन्या पात्रावर आळी वसली.

पण काढलेली रेघ टिकवावी लागते. नकाशेवाल्यांच्या मंडळाचा नियमच आहे, की नदीसारखी ओढाळ गोष्ट हलवली तर तिची रेघ रोज सकाळी गिरवायची, नाहीतर ती जुन्या वाटेनं परत येते. मामंजी रोज उजाडता उठायचे, टेबलावरच्या नकाशावर पातळ शाईचा कुंचला फिरवायचे आणि मग रस्त्याकडची खिडकी उघडायचे. खिडकी उघडली की खालच्या आळीला कळायचं, आज नदी जागच्या जागी आहे. मग तिथली चाकं फिरायला लागायची.

हे गिरवणं आता वारसाकडे आलं. वारस म्हणजे हे. ह्यांचा हात केसाएवढी स्प्रिंग घड्याळात बसवतो, पण बाबांच्या टेबलापाशी गेला की थरथरतो. मला म्हणाले, “तू कर ना. इतकी वर्षं शाई तूच खलतेस.” शाई खलणं वेगळं आणि नदी थोपवणं वेगळं, हे मी सांगून पाहिलं. पण खिडकी कुणीतरी उघडायलाच हवी होती. तेव्हापासून गिरवते मी आणि उघडतेही मी, आणि उघडली की रोज आधी आळीत पाणी दिसतं का ते बघते.

शनिवार

लोकांनी सांगितलेल्या गोष्टी लिहून ठेवते, नाहीतर विसरेन.

म्हातारा पोस्टमन जिन्यात बसूनच बोलला, कारण त्याला वर चढवेना. त्याचे गुडघे गेले तेव्हा मामंजींनी टेकडीवरच्या रस्त्याला एक ऐसपैस वळण काढून दिलं. चढ होता तेवढाच राहिला, पण एकदम अंगावर येईनासा झाला. सुईण म्हणाली, तिला घाई असली की श्रीमंतांच्या बागेतून एक पायवाट फुटते आणि काम झालं की मिटते. बागेच्या मालकाला अजून पत्ता नाही.

दोन भाऊ आले होते. एके काळी त्यांचं इतकं बिनसलं होतं की समोरासमोरच्या दारातून एकमेकांची तोंडं बघवत नव्हती. मामंजींनी त्यांच्या गल्लीला जरासा बाक काढला, दारं दिसेनाशी झाली. काही वर्षांनी दोघं एकत्रच वर आले आणि बाक काढून टाका म्हणाले. मामंजींनी दोघांना शाई खलायला बसवलं. परवा दोघेही जिन्यात रडत होते, आणि कोण जास्त रडतं यावरून पुन्हा बिनसतं की काय असं मला वाटलं.

असा माणूस. आणि हाच माणूस पोटच्या मुलीच्या लग्नाला गेला नाही. लग्न दूरच्या गावी होतं, जायला-यायला चार दिवस, आणि रेघ एक दिवसही सोडायची सोय नव्हती. वन्सं इथे आल्यापासून रडल्या नाहीत. मामंजींचे सदरे काढून घड्या घालत बसतात. घातलेल्या घड्या मोडून पुन्हा घालतात.

गेल्या वर्षी मामंजी तापानं पडले होते तेव्हा मला म्हणाले, “खिडकी तेवढी उघड. बाकीचं मी पडल्यापडल्या मनात गिरवतो.” केवढी ती ताकद! माझ्यापुढे कागद पसरलेला असतो तरी मी रेघ तीनदा तपासते.

मंगळवार

आज सकाळी खिडकी उघडली तर खालच्या आळीत पाणी. उन्हात चकाकत होतं. मी पायात चपलासुद्धा न घालता उतार धावत गेले. कुंभारकाकूंचं पिंप फुटलं होतं.

कुंभारकाकू आळीतल्या सगळ्यांत जुन्या. केस पिकले तरी चाक अजून स्वतः फिरवतात. मी धापा टाकत विचारलं, “जमीन भुसभुशीत वाटते का हो कुठे? भिंतींना ओल?” त्या माझ्या पायांकडे बघत म्हणाल्या, “सूनबाई, आधी बसा. पाणी आमच्याकडे आलं की तुमच्याकडे, तेच कळेना.” मला हसू आलं नाही. परत येताना पायात खापरी घुसली ती वेगळीच.

शुक्रवार

आज हातून भयंकर घडलं.

गिरवताना शिंक आली. आवरायला गेले आणि कुंचल्याचा थेंब नकाशावर पडला, तोही नेमका खालच्या आळीवर. मसुरीच्या डाळीएवढा डाग. नकाशाचं प्रमाण पाहिलं तर एवढ्या डागात कुंभारकाकूंचं घर, अंगण आणि भट्टी बुडायला हवी. मामंजींच्या हातून एकदा असाच ठिपका पडला होता म्हणे, तर पलीकडच्या गावी अजून एक तळं आहे आणि त्यात बदकं आहेत.

पुन्हा धावले. यावेळी चपला घालून. कुंभारकाकू अंगणात राख चाळत होत्या आणि अंगण खडखडीत कोरडं.

“काही झालं नाही ना?” मी विचारलं.

“झालं ना. राख डोळ्यात गेली,” त्या म्हणाल्या.

घरी येऊन बराच वेळ डागाकडे बघत बसले. डाग तिथेच आहे आणि तळं नाही. मामंजीच वरून सांभाळून घेत असणार. नाहीतर दुसरं काय कारण असणार?

ह्यांना सांगितलं. ह्यांनी भिंग वर केलं, म्हणाले, “बरं झालं,” आणि भिंग खाली केलं.

रविवार

ठमीचा निरोप आला. माझी लेक, लग्न होऊन दीड दिवसाच्या वाटेवर गेलेली, पहिलटकरीण. दिवस भरत आलेत. जावयांनी गाडीवाल्याबरोबर निरोप पाठवला, पण शब्द तिचेच होते, गाडीवाल्यानं ते अगदी तिच्यासारखी मान वाकडी करून म्हणून दाखवले. “आईला सांगा, मला भीती वाटते. मला बाकी कुणी नको. आई येणार ना?”

मी गाडीवाल्याला चहा दिला. मग सांगितलं, यायला जमणार नाही, नदी आहे.

गाडीवाला गेल्यावर वन्संनी विचारलं, “नाही म्हणून कळवलंस?”

“हो.”

“बरं,” म्हणाल्या आणि सदऱ्यांकडे वळल्या. त्या भांडल्या असत्या तर बरं झालं असतं. मला एकदम दिसलं, की एका मुलीला या घरानं असंच कळवलं होतं आणि ती मुलगी आता साठीची होऊन माझ्यासमोर घड्या घालते आहे. ठमी साठीची होईल तेव्हा कुणाचे कपडे घेऊन बसेल ते मला माहीत आहे.

मन नुसतं ठमीकडे धावतं. पण खालच्या आळीत पोरंबाळं आहेत, म्हातारी माणसं आहेत. एका बाळंतपणासाठी साऱ्या आळीचा जीव टांगणीला कसा लावायचा? एकदा मामंजी मला म्हणाले होते, “भावाकडे जाऊन ये की चार दिवस. शाई काय, मी पाण्यानंसुद्धा गिरवीन.” मी गेले नव्हते. त्यांची गैरसोय होईल म्हणून.

गुरुवार

काय लिहू आणि कसं लिहू?

मंडळाचे तपासनीस आले. नाकाला रुमाल, काखेत चामडी नळकांडं. नकाशेवाला गेला की वारसाचा हात तपासायचा अशी त्यांची रीत आहे. माणूस वाईट नाही. सर्दीनं बेजार होता, तरी जिना चढल्यावर आधी मामंजींच्या खुर्चीला नमस्कार केला.

मग टेबलावर वाकले आणि बोटाची पाठ नदीच्या रेघेला लावली. पुन्हा लावली. माझ्याकडे पाहिलं.

“बाई, हा नकाशा कुठला?”

“हाच. रोजचा. मी रोज गिरवते.”

“हा कच्चा आहे.”

मला कळलंच नाही. त्यांनी समजावून सांगितलं. जादूचा नकाशा काढण्याआधी एक कच्चा काढतात, हात बसायला. तो नुसता कागद असतो. पक्क्याची कड निळी असते आणि त्याच्यावरची रेघ कधी वाळत नाही. बोट लावलं तर नदीत बोट घातल्यासारखं गार लागतं. आमच्या टेबलावरचा नकाशा वाळून कडकडीत झालेला होता. “मी या रुमालावर नदी गिरवली तर तिचा जेवढा उपयोग, तेवढाच,” म्हणाले आणि त्याच रुमालात शिंकले.

माझ्या पायाखालची जमीन सरकली. लिहिताना लक्षात येतंय, या घरात असं लिहिणं बरं नव्हे.

“पक्का कुठे आहे?” त्यांनी विचारलं. मला काय माहीत? मी लग्न होऊन आले तेव्हापासून टेबलाजवळ फक्त मामंजी जात. ते गेल्यावर जो नकाशा टेबलावर होता तोच मी गिरवला. म्हणजे ते गेल्यापासून नदीला कुणीही धरलेलं नाही.

तपासनीस म्हणाले, मंडळाला कळवावं लागेल. मंडळ आळी रिकामी करायचा हुकूम काढेल. पक्का सापडला तर गोष्ट वेगळी. मी हात जोडले. त्यांना शेजारच्या गावी एक पूल तपासायचा होता. सोमवारी परत येतो, तोवर शोधा, म्हणाले. जाताना मी त्यांना आल्याचा काढा दिला. माझ्या मनात नव्हतं, पण सर्दी खरी होती.

शुक्रवार

घर पालथं घातलं. वन्सं कपाटांत शिरल्या, मी माळ्यावर. मामंजींनी जन्मभर काढलेले कच्चे नकाशे निघाले, वळणं, पायवाटा, एका विहिरीची जागा. निळ्या कडेचा एकही नाही.

दुपारी हे दुकानातून जेवायला आले आणि पसाऱ्याकडे बघत उभे राहिले. मी सांगितलं, निळ्या कडेचा मोठा कागद शोधतोय. ह्यांनी भिंग काढलं. जेवायच्या वेळी हे भिंग स्वतःहून कधी काढत नाहीत.

“निळ्या कडेचा,” म्हणाले. “त्याचा पतंग केला होता बाबांनी.”

वन्सं कपाटातून बाहेर आल्या.

ठमी पाच-सहा वर्षांची असतानाची गोष्ट. मी तेव्हा आजारी आईपाशी माहेरी होते. आजोबा पतंग, आजोबा पतंग, म्हणून तिनं डोकं उठवलं होतं. मामंजींनी टेबलाखालच्या भेंडोळ्यातून एक जुना कागद ओढला, कामट्या बांधल्या, खळ लावली, आणि ह्यांना म्हणाले, “ने हिला गच्चीवर.” दोरा ह्यांनी धरला. पतंग इतका सुंदर चढला की मामंजीही गच्चीवर आले. मग दोरा तुटला.

“बाबा काय म्हणाले?” वन्संनी विचारलं.

“पतंग दिसेनासा होईपर्यंत बघत राहिले. मग म्हणाले, जाऊ दे, रद्दी होती.” हे कसनुसं हसले. “मला काय माहीत? मी म्हटलं, रद्दी तर रद्दी.”

मग बहीणभावांचं जुंपलं. वन्संचं म्हणणं, बाबांनी मुद्दाम केलं, त्यांना जोखडातून सुटायचं होतं. ह्यांचं म्हणणं, तेव्हा त्यांचे डोळे अधू झाले होते, कच्चा समजून पक्का उचलला. वन्सं म्हणाल्या, मग रोज सकाळी कशाला उठायचे? ह्यांनी भिंग पुन्हा डोळ्याला लावलं.

मला एवढंच कळलं, की नदीची रेघ वाऱ्यावर उडून गेलेली आहे आणि खालची आळी नुसती देवाच्या भरवशावर उभी आहे. मंडळाच्या हुकमाची वाट कशाला बघायची? उद्या मीच खाली जाऊन सांगणार.

शनिवार

सांगितलं. म्हणजे सांगायला गेले.

कुंभारकाकू चाकावर होत्या. मी म्हटलं, महत्त्वाचं बोलायचंय. त्या म्हणाल्या, बोला, माझे कान मोकळे आहेत, हातच काय ते चिखलात आहेत. मी वाटभर पाठ केलेलं सगळं एका दमात म्हटलं. मी गिरवते तो नकाशा खोटा आहे, खरा हरवलाय, नदीला कुणी धरलेलं नाही, पोरांना घेऊन वर चला, आमच्या घरात जागा आहे, गच्चीवर आहे, दुकानात आहे.

त्यांनी चाक थांबवलं नाही. “म्हणजे तो पतंग?” म्हणाल्या.

मी उभीच्या उभी राहिले.

“अहो, आमच्या डोक्यावरूनच गेला तो. नकाशा म्हणजे काय ते आम्हाला कळतं की. नदी ओळखू येत होती त्याच्यावर, निळीशार. सगळी आळी माना वर करून बघत होती.”

“मग?”

“मग काय! बोंबाबोंब. मडकी टाकली, पोरं काखोटीला मारली आणि टेकडीवर जाऊन बसलो. दिवसभर बसलो. नदी काही आली नाही.” त्यांनी मडक्याचा गळा दोन बोटांत धरून वर ओढला. “दुपारी तुमचे मामंजी दिसले. एकटेच, अनवाणी. आमच्या रिकाम्या आळीत हिंडत होते. इथे उभं राहा, तिथे उभं राहा, टाचेनं जमीन दाबून बघ. माझ्या अंगणात तर किती वेळ नुसते उभे होते. मग गेले.”

“तुम्हाला काही बोलले नाहीत?”

“कधीच नाही. दुसऱ्या दिवशी उजाडलं आणि वर खिडकी उघडली. आमचे मालक म्हणाले, नकाशा तर उडाला, मग म्हातारबा गिरवतायत काय? मग सगळ्यांच्या डोक्यात प्रकाश पडला. आम्ही घाबरू नये म्हणून उघडतायत.”

मी विचारलं, मग त्यांना सांगितलं का नाही, की आता गरज नाही म्हणून?

कुंभारकाकूंनी पहिल्यांदा चाक थांबवलं. “असं कसं तोंडावर सांगायचं हो? ज्या माणसानं आमच्यासाठी केस पांढरे केले, तो रोज उठतो, आमच्या काळजीनं खिडकी उघडतो, आणि आम्ही म्हणायचं, झोपा आता? आम्ही ठरवलं, खिडकी उघडली की वर बघून हात करायचा. त्यांनाही बरं वाटायचं.”

म्हणजे इतकी वर्षं मामंजी आळीसाठी खिडकी उघडत होते आणि आळी मामंजींसाठी वर बघत होती.

“आणि मी?” मी विचारलं. “मी जीव मुठीत धरून उघडते, ते?”

“ते आम्हाला वाटलं, सासऱ्यांची आठवण म्हणून उघडता. गोड वाटलं. म्हटलं, सून असावी तर अशी.”

मला आधी संताप आला. मग हसू आलं, आणि ते काही केल्या थांबेना, मग रडू आलं, आणि ते हसण्यात मिसळून इतका आवाज झाला की शेजारची दोन चाकं थांबली. कुंभारकाकूंनी चिखलाच्या हातानं मला पाणी पाजलं. साडीचं वाटोळं झालं.

मी विचारलं, जमीन कशी टिकली मग? त्या म्हणाल्या, “आळी वसली तेव्हा इथे गुडघाभर चिखल. चालताना पाय निघायचा नाही. तेव्हापासून आम्ही फुटकी मडकी इथेच टाकतो, भट्टीची राख इथेच टाकतो. काठाला झाडं लावली. दर थोड्या वर्षांनी जोतं वर घेतलं. आता नदीला यायचं म्हटलं तर चढून यावं लागेल, आणि नदीला चढायचा कंटाळा असतो.”

सोमवार

तपासनीस परत आले, सर्दी निम्मी उरली आहे. त्यांना सगळं सांगितलं. त्यांचा विश्वास बसला नाही, म्हणून लोखंडी सळई घेऊन आळीत गेले आणि जागोजागी ठोकून पाहिली. सळई वितीच्या पुढे जाईना. शेवटी वाकली.

पालथ्या मडक्यावर बसून ते घाम पुसत म्हणाले, “मुरली.”

“काय मुरलं?” कुंभारकाकूंनी विचारलं.

“रेघ. जुन्या पोथ्यांत म्हटलंय की लोक जमिनीवर नीट नांदले तर रेघ जमिनीत मुरते, मग कागद नसला तरी चालतो. मी कधी पाहिली नव्हती. कुणी गिरवणं थांबवूनच पाहत नाही ना.” जाताना मला हळूच म्हणाले, “आमच्या मंडळात एक मोठं दालन आहे. माणसं रोज सकाळी तिथे बसून गिरवतात. कुठकुठले रस्ते, कुठकुठले घाट. माझे वडीलही गिरवायचे.”

मी म्हटलं, एकदा पतंग करून बघा. ते हसले नाहीत. विचारात पडून गेले.

हुकूम निघणार नाही. कच्चा नकाशा त्यांनी नेला नाही. त्याला दप्तरात जागा नाही म्हणाले.

सोमवार, संध्याकाळ

वन्संना आळीतलं सगळं सांगितलं. मला भीती होती. ज्या रेघेपायी बाप लग्नाला आला नाही ती रेघ पुढे पतंग होऊन उडाली, आणि काही झालं नाही, हे ऐकून कुणालाही चीड येईल.

त्या सगळं ऐकून म्हणाल्या, “माझ्या लग्नाच्या वेळी?”

“काय, वन्सं?”

“तेव्हा ती रेघ मुरली होती का गं?”

माझ्याकडे खरं उत्तर होतं याचा मला किती आनंद झाला! वन्संचं लग्न नदी हलवल्यावर दुसऱ्याच वर्षी झालं. मी म्हटलं, “नाही. तेव्हा आळीत गुडघाभर चिखल होता. कुंभारकाकूंनीच सांगितलं. पाय निघायचा नाही.”

“म्हणजे त्यांना खरंच येता आलं नसतं.”

“खरंच नसतं.”

“हं,” वन्सं म्हणाल्या. हातातला सदरा त्यांनी घडी न घालता तसाच मांडीवर ठेवला, आणि इथे आल्यापासून पहिल्यांदा रडल्या, अगदी मोकळेपणी. मी चहा टाकला. रडून झाल्यावर साखर कमी आहे म्हणाल्या, तेव्हा मला बरं वाटलं.

मग म्हणाल्या, “आणि तू इथे काय करतेस?”

मंगळवार

गाडी मिळाली. आळीत जाऊन निरोप घेतला. कुंभारकाकूंनी बाळाच्या अंघोळीला एक घंगाळ दिलं, मातीचं, गाडीत मांडीवर धरून बसावं लागतंय. हे स्टूल घेऊन गाडीच्या चाकाला तेल घालत होते. ते काम गाडीवाल्याचं, पण ह्यांना असंच प्रेम दाखवता येतं. वन्सं घर सांभाळतील. मी गाडीत चढल्यावर हे म्हणाले, “ठमीला सांग,” आणि पुढे काय सांगायचं ते त्यांना सुचलं नाही. मी म्हटलं, सांगते.

गाडीत हादरे बसतात म्हणून अक्षर असं.

वाटेत नदी लागली. मामंजींनी जिथे नेऊन सोडली तिथेच, खडकांतून आवाज करत वाहते आहे. मी इतकी वर्षं या गावात राहून ती जवळून कधी पाहिलीच नव्हती. गाडीवाल्याला थांबवून मी खाली उतरले, पाण्यात हात घातला आणि तोंड धुतलं.

गुरुवार, ठमीच्या घरी

काल दुपारी पोचले. ठमी दारात उभी होती, पोटावर हात ठेवून. मला बघून म्हणाली, “तू येणार नव्हतीस ना?” मी म्हटलं, “आले.” तिनं घंगाळासकट मला मिठी मारली. घंगाळाला तडा गेला, बाकी कुणाला काही झालं नाही.

आज सकाळी कळा सुरू झाल्या. सुईण वेळेवर आली. जावई अंगणात फेऱ्या घालून घालून वाट पाडत होते. ठमीनं माझा हात इतका घट्ट धरला की बोटं अजून लाल आहेत, आणि मधे एकदा ती ओरडली, “आई, जाऊ नकोस!” मी म्हटलं, कुठे जाणार? मला कुठेही जायचं नाही. हे म्हणताना मला रडू आलं, कारण ते खरं होतं.

उन्हं कलायच्या आत मुलगी झाली. नाक आमच्याकडचं आहे. सुईणीनं पुसून, गुंडाळून आधी आईजवळ दिली, मग माझ्याजवळ. ठमी थकून हसत होती. तिनं विचारलं, मी फार ओरडले का? मी सांगितलं, आळी गोळा केलीस.

मी तिथे होते.